धोंडो केशव कर्व्यांना राग यायचा की नाही?

चिंचोका:
नमस्कार मंडळी. सध्या महर्षी कर्व्यांचं 'आत्मवृत्त' वाचतोय आणि एक गोष्ट डोक्यातून जात नाहीये म्हणून हा धागा काढतोय. आधी कुणी काढला असेल तर लिंक द्या.

म्हणजे बघा, हा पोरगा मुरूडहून (दापोलीजवळचं, जंजिऱ्याचं नव्हे) साताऱ्याला चालत जातो, ११० मैल, पावसापाण्यात, का तर सरकारी परीक्षेला बसायचं. तिथे पोचल्यावर साहेब म्हणतात तू सतरा वर्षांचा दिसत नाहीस. दिसत नाहीस! झालं, विषय संपला, जा घरी. पुढे १८९३ मध्ये विधवेशी लग्न केलं तर मुरूडने वाळीत टाकलं, तेच मुरूड ज्याच्या भल्यासाठी ह्यांनी स्वतः 'मुरूड फंड' काढला होता. मग १८९६ मध्ये विधवांसाठी आश्रम, १९०० मध्ये तो पुण्याबाहेर हिंगण्याला, आणि दिवसभर फर्ग्युसनमध्ये गणित शिकवून झालं की संध्याकाळी चिखल तुडवत चार मैल हिंगण्याला जायचं. एवढं सगळं होऊनही पुस्तकात कुठे कुणावर दातओठ खाल्लेले नाहीत. वाण्याच्या वहीत जमाखर्च मांडावा तसं मांडलंय सगळं.

मला लोकलमध्ये कुणी कोपर मारलं तर मी ठाण्यापासून दादरपर्यंत धुमसत असतो. म्हणून प्रश्न असा की ही माणसं जन्मतःच अशी असतात का सवयीने होतात? आणि आतूनही शांत असतात की नुसती वरून? तुमच्या ओळखीत, घरात असं कुणी असेल तर लिहा.

पुणेरी_पाटी:
संध्याकाळी साडेसहाला नळस्टॉपला गाडी घेऊन उभे राहा. वर मेट्रो, मध्ये पूल, खाली आपण. कर्वे रोड माणसाला एकतर महर्षी करतो नाहीतर दुर्वास. मधला पर्याय नाही.

अवखळ_अवनी:
^^ लोल. ते बरे चालत जायचे, लवकर पोचायचे.

अण्णा_सातारकर:
चिंचोका, चांगला विषय काढलात. माझ्या मते स्वभावच असतो तो. आमच्या वडिलांचा आवाज चढलेला मी कधी ऐकला नाही. कुळकायद्यात जमीन गेली, भावाने कज्जा लावला, कोर्टात तारखांवर तारखा. पण तारखेला दोघे भाऊ एकाच एसटीने जायचे आणि एकाच एसटीने यायचे, आणि तिकिटं वडील काढायचे. विचारलं तर म्हणायचे भांडण जमिनीचं आहे, तिकिटाचं नाही. आम्ही भावंडं मात्र सगळी भडकू निघालो, म्हणजे रक्तातून येतं असंही म्हणता येत नाही म्हणा.

मुक्ता_वि:
धागा आवडला पण मला ह्यात एक बाजू कायम दिसते जी कुणी बघत नाही. अण्णासाहेब (म्हणजे कर्वेच) शांत होते, कबूल. त्या शांतपणाचं बिल कोण भरत होतं?

'आत्मवृत्त' वाचून झालं की लगेच बाया कर्व्यांचं 'माझे पुराण' वाचायला घ्या. बाया म्हणजे आनंदीबाई, आधीच्या गोदूबाई, पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनात शिकलेल्या, ज्यांच्याशी १८९३ चं ते लग्न झालं. एकच घर, एकच काळ, आणि दोन पुस्तकं अशी की वाटतं दोघं वेगवेगळ्या गावात राहत होती. अण्णासाहेब पगारातला मोठा वाटा संस्थेला देणार, स्वतःच्या आयुर्विम्याची पाच हजारांची पॉलिसीसुद्धा संस्थेला देऊन मोकळे. माझ्या मागे बायकापोरांचं काय हा प्रश्न त्यांना पडलाच नसेल असं नाही, पण त्याचं उत्तर बायांनी शोधायचं होतं. बायांनी शोधलंही. सुईणीचं काम शिकल्या, चार पैसे मिळवले, वर आश्रमासाठी वर्गणी मागत फिरल्या. आणि नवऱ्यावर चिडल्या, भांडल्या, आणि ते सगळं पुस्तकात न लपवता लिहिलं.

माझ्या लेखी जास्त ताकद कुणाची? मला तरी बायांची वाटते. ओरडूनसुद्धा माणूस टिकून राहतो. उलट घरात ओरडणारं कुणीतरी असतं म्हणूनच दुसऱ्याला शांत राहणं परवडतं.

अवखळ_अवनी:
मुक्ताताई शेवटचं वाक्य नवऱ्याला व्हॉट्सअ‍ॅप केलं. दोन निळ्या टिका. उत्तर नाही. शांत आहे.

पुणेरी_पाटी:
@अवनी, तो महर्षी होण्याच्या मार्गावर आहे, अडथळा आणू नका.

अण्णा_सातारकर:
मुक्ताताई, मुद्दा मान्य पण जरा एकतर्फी वाटला. बाया बोलायच्या आणि अण्णासाहेब ऐकून घ्यायचे हेही त्याच पुस्तकातून कळतं ना. १९०० सालच्या पुण्यात बायकोचं ऐकून घेणारे किती होते? उलट हात उचलणारेच जास्त. बायकोला बोलता येईल असं घर ठेवलं हेही काही कमी नाही.

मुक्ता_वि:
ऐकून घेतलं आणि मग जे करायचं तेच केलं :) पॉलिसी परत नाही आणली.
पण हो, बोलता येत होतं हे खरं, तेवढं देते त्यांना.

नाईट_ड्युटी:
मी बरीच वर्षं नर्सिंगमध्ये आहे (रात्रपाळी, आयडीवरून कळलंच असेल), त्यामुळे स्वभाव का सवय ह्यावर माझं मत ठाम आहे. सवय. आणि सवयसुद्धा शांत राहण्याची नाही, तयारीची.

आमच्या वॉर्डात एक सिनियर सिस्टर होत्या, आता रिटायर झाल्या. रात्री दोनला जुलाब-उलट्यांनी पार सुकलेलं बाळ घेऊन लोक यायचे. आई रडतेय, आजोबा दारात कुणाला तरी शिव्या देतायत, डॉक्टर नवीन, त्याचे हात थरथरतायत, आणि बाळाची व्हेन काही मिळत नाही. अशा वेळी सगळ्यांचा आवाज वर जातो. ह्यांचा खाली जायचा, इतका खाली की ऐकायला बाकीच्यांना गप्प बसायलाच लागायचं. आजोबांना काहीतरी काम सांगून बाहेर पाठवायच्या. स्टूल ओढून बसायच्या, उभ्याने कधीच नाही. बाळाचा हात स्वतःच्या मुठीत धरून गरम करायच्या, मग बोटाने चाचपून चाचपून, न बघता, एक जागा धरायच्या आणि नुसता डावा हात मागे करायच्या. त्या हातात पिवळं चोवीस नंबरचं इंट्राकॅथ (सलाईनसाठी शिरेत घालायची सुई-नळी) पडलंच पाहिजे, निळं बावीसचं नाही. ते पडायचंच, कारण ड्युटी सुरू झाली की पहिल्या पाच मिनिटांत ट्रे त्यांनी स्वतः लावलेला असायचा, रंगाप्रमाणे, चिकटपट्ट्यासुद्धा आधीच कापून ट्रेच्या काठाला लावलेल्या. आम्ही हसायचो त्या चिकटपट्ट्यांना. नंतर कळलं की ऐन वेळी एका हाताने बाळाचा हात धरलेला असताना दुसऱ्या हाताने चिकटपट्टी फाडता येत नाही आणि घाबरण्याची सुरुवात तिथूनच होते.

आणि मुक्ताताई तुमचं बिल वाचून हसू आलं, कारण त्या स्वतःच सांगायच्या की घरी गेल्यावर पहिला तास माझ्याशी कुणी बोलायचं नाही असा नियम आहे, मोडला तर मी भांडी आपटते.

चिंचोका:
वा, नाईट_ड्युटी, काय लिहिलंय. चिकटपट्टीचं लक्षात राहील.
अण्णासाहेबांचंही असंच असेल का? म्हणजे पै-पैचा हिशेब ठेवणं हीच त्यांची तयारी? कुणी आरोप केला की वही पुढे करायची, भांडायची गरजच नाही.

कोयती:
मी मूळचा त्याच पट्ट्यातला, हर्णै-मुरूड भागातला, आता कामामुळे पनवेलला. कर्व्यांवर अधिकाराने बोलण्याइतकं वाचलेलं नाही, गावात त्यांचा पुतळा बघत मोठा झालो एवढंच. पण चिंचोकांनी घरातलं कुणी असेल तर लिहा म्हटलंय म्हणून आत्याबद्दल लिहितो.

३ जून २०२०, निसर्ग वादळ. ज्यांनी कोकणात बघितलं त्यांना सांगायला नको. आत्याची वाडी छोटीच, माड आणि पोफळी, मध्ये जायफळाची चार झाडं. दुपारी दोन-तीन तासांत आडवी. पोफळी एकमेकींवर पडलेल्या, माड मुळासकट उपटून घराच्या पडवीवर, कौलं कुठे गेली पत्ता नाही. फोन बंद, लाईट पुढे आठवडेच्या आठवडे नव्हते. लॉकडाऊन होता, त्यामुळे आम्ही पोचेपर्यंत बरेच दिवस गेले. मी वाटेत ठरवत होतो काय बोलायचं, कसा धीर द्यायचा.

पोचलो तर आत्या कोयती घेऊन झावळ्या तोडत होती. पडलेले नारळ एका बाजूला रचलेले, मोठे वेगळे, अडसर वेगळे. सुपारीचे शिपुट वेगळे काढलेले. म्हणाली, चाय ठेवलीय, पिऊन घे नि त्या कडेचं लाकूड बाजूला घे, मला वाट हवी आहे. बस. माझं सगळं भाषण घशात राहिलं. लोक यायचे, गळ्यात पडून रडायचे, ही त्यांना ताक द्यायची.

पावसाळ्यात तिने वाडीत केळी लावल्या. मी म्हटलं केळी कशाला? तर पोफळीच्या रोपाला ऊन सोसत नाही, आधी सावली पाहिजे, सावली झाली की मग रोपं. आणि रोपं लावली की सुपारी धरायला सहा-सात वर्षं. तेव्हा तिचं वय सत्तरीला आलेलं. मी काही बोललो नाही पण हिशेब तिलाही कळत होताच. पुढच्या मेमध्ये तौक्ते आलं, त्यात निम्म्या केळी गेल्या. परत लावल्या.

आता चिंचोका तुमचा दुसरा प्रश्न, आतून शांत असतात का. नाही. अजून वारा सुटला, नुसता पावसाळ्याआधीचा वावटळीचा वारा, तरी ती रात्रभर पडवीत खुर्ची टाकून बसते. झोपत नाही. उठवायला जावं तर म्हणते तू झोप. सकाळी उठून परत शिंपणं.

सुमेधा_डब्लिन:
कोयती, वाचून गलबलले. फोटो असतील तर टाका ना वाडीचे. रोपं केवढी झाली आता?

कोयती:
डोक्याच्या वर गेलीत. फोटो पुढच्या खेपेला. आत्याला फोटो काढलेला आवडत नाही, वाडीचा काढला तरी म्हणते दृष्ट लागते.

टक्केटोणपे:
सगळे हळवे झालेत म्हणून मी जरा मिठाचा खडा टाकतो. हे 'शांत सोसणं' म्हणजे आपल्याकडे लोकांना गप्प बसवायचं जुनं हत्यार आहे. सुनेला सांगतात सोस. गड्याला सांगतात सोस. एकनाथांवर यवन थुंकला आणि ते पुन्हा पुन्हा गोदावरीत आंघोळ करून आले, ही गोष्ट शाळेत आम्हाला सांगायचे तेव्हा माझा पहिला प्रश्न असायचा की थुंकणाऱ्याचं काय झालं. मास्तर म्हणायचे त्याला पश्चात्ताप झाला. माझ्या अनुभवात थुंकणाऱ्याला पश्चात्ताप होत नाही, तो दुसऱ्या दिवशी मित्रांना घेऊन येतो.

हापिसात एक बॉस होता, मीटिंगमध्ये सगळ्यांसमोर पाणउतारा करायचा. एक सहकारी कायम शांत. सगळे म्हणायचे काय संयम आहे. दोन वर्षांनी त्याला बीपीच्या गोळ्या आणि बॉसला प्रमोशन.

अण्णा_सातारकर:
टक्केटोणपे, नाथांची गोष्ट एवढ्यात निकालात काढू नका. नाथ गप्प बसून राहिले नव्हते. श्राद्धाचा स्वयंपाक आधी भुकेल्या अस्पृश्यांना वाढला, पैठणच्या ब्रह्मवृंदाने बहिष्कार घातला तरी केलेलं मागे घेतलं नाही, अशीही गोष्ट आहे. ती शाळेत सांगत नाहीत कारण ती अडचणीची.

मुक्ता_वि:
+१ अण्णा. आणि हाच फरक आहे असं मला वाटतं टक्केटोणपे. तुमचा सहकारी काहीच करत नव्हता, नुसता खाली मान घालून होता. सावित्रीबाई शाळेत जाताना लोक शेणमाती फेकायचे, त्या जास्तीचं लुगडं बरोबर न्यायच्या, शाळेत जाऊन बदलायच्या आणि शिकवायला उभ्या राहायच्या. फेकणाऱ्यांशी रस्त्यात वाद घालत बसल्या असत्या तर शाळेची वेळ गेली असती, आणि त्यांना नेमकं तेच हवं होतं. त्या रोज जिंकून येत होत्या, रस्त्यावर नाही, वर्गात. ह्याला सोसणं कसं म्हणणार?

टक्केटोणपे:
हे पटलं. म्हणजे काम चालू असलं पाहिजे.
सहकाऱ्याचा बचाव म्हणून एवढंच की त्याला होम लोन होतं.

अवखळ_अवनी:
होम लोन म्हणजेच खरी तपश्चर्या. वीस वर्षांची.

हिंगण्याची_पोर:
उशिरा आले धाग्यावर. शिक्षण तिथल्याच संस्थेत झालं त्यामुळे राहवत नाही. ती पहिली झोपडी कॅम्पसमध्ये अजून जपून ठेवलीय. मुलींच्या ट्रिपा येतात, बघतात, पाच मिनिटांत बाहेर, कारण बघण्यासारखं काही नाहीच, मातीच्या भिंती आणि पेंढा. मी पण तशीच बाहेर यायचे.

पण मंडळी तुम्ही अण्णासाहेब आणि बायांवर भांडताय आणि तिसरी बाई विसरताय. पार्वतीबाई आठवले, बायांची बहीण. ऐन तारुण्यात विधवा झाल्या, एक मुलगा, केशवपन झालेलं. आश्रमात आल्या, आधी स्वतः शिकल्या, मग तिथली व्यवस्था बघितली, मग संस्थेसाठी वर्गणी गोळा करायला गावोगाव फिरल्या. विचार करा, सोवळी बाई, डोक्यावर आलवणाचा पदर, सभेत उभी राहून विधवांच्या शिक्षणावर बोलतेय. पुढे केस ठेवायचं ठरवलं तेव्हा लोकांनी त्यावरही तोंडसुख घेतलं. आणि १९१८ मध्ये, पंचेचाळीशी उलटल्यावर, इंग्रजी धड येत नसताना ही बाई इंग्रजी शिकायला अमेरिकेला गेली. जवळ पैसे नाहीत, म्हणून तिथे लोकांच्या घरी घरकाम केलं. भांडी, झाडलोट. दोनेक वर्षांनी परत आल्या आणि पुन्हा कामाला. 'माझी कहाणी' नावाचं आत्मचरित्र आहे, मिळालं तर सोडू नका.

चिंचोकांच्या प्रश्नाला ह्यात उत्तर आहे असं नाही. पण माझी आजी सांगायची की त्या पिढीतल्या बायकांना 'धीराच्या' म्हणायचे ते त्यांच्यासमोर नाही, त्या गेल्यावर. जिवंतपणी त्यांना हट्टीच म्हणायचे.

सुमेधा_डब्लिन:
पार्वतीबाईंबद्दल काहीच माहीत नव्हतं. मी इथे पहिल्या हिवाळ्यात, मास्टर्स करताना, कॅफेत भांडी घासायचे आणि घरी फोनवर सांगायचे की लायब्ररीत काम करते. १९१८ मध्ये तर फोनपण नाही. पत्र महिन्याने पोचणार.

पुणेरी_पाटी:
फोन नव्हता हाच फायदा. आई रोज विचारायला नाही की जेवलीस का.

टक्केटोणपे:
कर्वे घराण्याचा विषय निघालाच आहे तर र. धों. ना विसरू नका. अण्णासाहेबांचा पहिल्या बायकोपासूनचा मुलगा. संततिनियमनाचा प्रचार केला म्हणून प्राध्यापकी गेली, १९२७ मध्ये 'समाजस्वास्थ्य' मासिक काढलं ते १९५३ मध्ये मरेपर्यंत चालवलं. अश्लीलतेचे खटले झाले, दंड झाले, एका खटल्यात बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील होते. पण रघुनाथराव अजिबात शांत वगैरे नव्हते बरं का. जिभेला धार. टीकाकाराला सालटी काढून परत पाठवायचे. तरी सव्वीस वर्षं तोट्यातलं मासिक काढायला जी काही चिकाटी लागते ती बापाचीच.

नाईट_ड्युटी:
आणि त्यांच्या पत्नी मालतीबाई नोकरी करायच्या म्हणून घर चाललं. मुक्ताताईंचं बिल इथेही आहेच.

मुक्ता_वि:
मी काही बोलले नाही हां ह्यावेळी :D

अण्णा_सातारकर:
अवांतर: मुरूडहून सातारा कुंभार्लीने गेले असतील ना? आमच्या गावावरून वाट जाते. आता चिपळूणहून एसटीने घाट चढताना दोन वळणं झाली की मुलं ओकायला लागतात.

कोयती:
हो कुंभार्लीच. आता जायचं तर आत्या म्हणते पिशवी बरोबर ठेव आणि लिंबू.

चिंचोका:
मंडळी, एवढं येईल असं वाटलं नव्हतं. माझ्या प्रश्नाकडे परत येतो. काल पुढचा भाग वाचला. अण्णासाहेब स्वतःच सांगतात की आपण लाजाळू, चारचौघांत बोलायला कचरणारे. म्हणजे ज्याला आपण संयम म्हणतोय त्यातला काही भाग निव्वळ भिडस्तपणा असावा, आणि त्यांनी तो स्वतःच कबूल केलाय. पण हाच भिडस्त माणूस १९३६ मध्ये, वयाच्या ७८ व्या वर्षी, खेड्यांत प्राथमिक शाळा काढायला मंडळ काढतो आणि पुण्यात दारोदार वर्गणी मागत हिंडतो. दारात उभं राहून पैसे मागायला भिडस्त माणसाला काय वाटत असेल हे मला माहितेय, मी सोसायटीच्या गणपतीची वर्गणी मागायलासुद्धा मुलाला पुढे करतो.

त्यामुळे टक्केटोणपे म्हणाले तेच, काम चालू पाहिजे. भीड गेली नव्हती, ती घेऊनच दार वाजवत होते. राग यायचा की नाही हे मात्र अजून कळलेलं नाही. 'माझे पुराण' मागवलंय, तिथे सापडेल बहुतेक.

मुक्ता_वि:
सापडेल. पेन्सिल घेऊन बसा.

अवखळ_अवनी:
नवऱ्याचं उत्तर आलं. लिहिलंय "येताना दूध आणू का?"

पुणेरी_पाटी:
पोचला. हिंगण्याला पोचला.

सुमेधा_डब्लिन:
कोयती, आत्या सुपारी विकतात का? सासूबाईंना रोठा लागतो, इथे मिळतो तो भुसा असतो.

कोयती:
विकते, पण नवीन झाडांची यायला अजून वेळ आहे. जुनी वाचलेली दहा-बारा पोफळी आहेत त्यांची असते थोडी, ती गावातच जाते. विचारून ठेवतो. भाव करायचा नाही मात्र, तिथे ती अजिबात शांत नसते.